सिलुस्तानीला पहिल्यांदा जाताय? मग एवढं बघा

छान ठरवलंत, नक्की जा! सिलुस्तानी म्हणजे पेरूमधली जुन्या दगडी बुरुजांसारख्या थडग्यांची जागा, पुनो शहराहून साधारण 35 किमी आहे, गाइडसोबत अर्ध्या दिवसात आरामात होतं. सुरुवातीला एवढंच सांभाळा:

- लिमाहून विमानाने आलात तर त्याच दिवशी ट्रिप घेऊ नका, बरेच जण इथेच चुकतात. जागा 3800 मीटरच्या वर आहे, चढ छोटाच पण धाप लागते, म्हणून आधी एखादी रात्र पुनोत काढा, पाणी पीत राहा आणि हळू चढा, ग्रुप पुढे गेला तर जाऊ दे.
- टोपी, सनस्क्रीन, जॅकेट तिन्ही हवंच. ऊन भाजतं आणि संध्याकाळी उमायो तलावावरून बोचरा वारा सुटतो.
- एंट्री तिकीट पॅकेजमध्ये आहे का ते विचारा, थोडे सोल (पेरूचं चलन) कॅश ठेवा.

आणि प्लीज, 12 मीटरच्या उंच बुरुजासमोर फोटो काढून लगेच मागे फिरू नका. त्याच्यावर कोरलेली पाल शोधा, पूर्वेकडे तोंड केलेलं छोटंसं दार बघा, मग अर्धवट राहिलेल्या बुरुजाकडे जा, तिथे दगड वर चढवायचा उतार अजून तसाच आहे, मला तर तेच सगळ्यात भारी वाटतं. कोल्ला या इथल्या जुन्या लोकांनी आपली मानाची माणसं मेल्यावर इथे ठेवली होती, ही थडगी आहेत, त्यामुळे दगडांवर चढणं, आत घुसणं अजिबात नको. कोल्ला कुठले, इंका कुठले हे सगळं नंतर वाचा, त्या दिवशी नुसतं निवांत बघा.