क्रीडा-शंकासमाधान : झाबी अलोन्सोचे मोठेपण कशात आहे?

प्रश्न : मी नाशिकमध्ये महाविद्यालयाच्या फुटबॉल संघात मधल्या फळीत खेळतो. स्पेनचा निवृत्त खेळाडू झाबी अलोन्सो माझा आवडता असून त्याचे जुने सामने मी आवर्जून पाहतो. आमच्या प्रशिक्षकांच्या मते मी अंग झोकून टॅकल (प्रतिस्पर्ध्याच्या पायातला चेंडू हिसकावणे) करत नाही आणि गोलही करत नाही, त्यामुळे संघाला माझा फारसा उपयोग नाही. अलोन्सोचेही स्पेनकडून 114 सामन्यांत 16 गोलच आहेत आणि त्याचा धावण्याचा वेगही बेताचाच होता. मग त्याला एवढा मोठा खेळाडू का मानतात?
– एक वाचक, सिडको, नाशिक

उत्तर : पुढच्या वेळी त्याचा सामना पाहताना चेंडूवरची नजर काढून थोडा वेळ फक्त अलोन्सोवर ठेवा. पास येण्याआधी तो खांद्यावरून मागे पाहून घेतो, शरीर किंचित वळवून उभा राहतो आणि चेंडू पायाशी आल्यावर दुसऱ्याच स्पर्शात तो मैदानाच्या पलीकडच्या कडेला, मोकळ्या असलेल्या सहकाऱ्याकडे पोहोचवतो. पायात वेग नसलेल्या खेळाडूला हे जमते, कारण त्याचा निर्णय इतरांच्या आधी झालेला असतो.

ही समज त्याला घरातूनच मिळाली असावी. त्याचे वडील पेरिको अलोन्सो हेही मधल्या फळीतले खेळाडू होते आणि 1981 व 1982 मध्ये सलग दोनदा स्पॅनिश लीग जिंकणाऱ्या रेआल सोसिएदाद संघात ते होते. त्याच क्लबमध्ये झाबी वाढला. 2001 मध्ये संघ तळाशी घसरलेला असताना प्रशिक्षक जॉन टोशॅक यांनी त्याला एइबार या दुसऱ्या क्लबकडून परत बोलावले आणि विशीही न गाठलेल्या या मुलाच्या हाती कर्णधारपद दिले. दोनच वर्षांनी, 2002-03 च्या हंगामात, हा संघ लीगमध्ये दुसरा आला आणि रेआल माद्रिदपेक्षा केवळ दोन गुणांनी मागे राहिला.

आपल्या प्रश्नाचे खरे उत्तर मात्र 25 मे 2005 च्या इस्तंबूलमधील चॅम्पियन्स लीगच्या अंतिम सामन्यात आहे. तेव्हा अलोन्सो लिव्हरपूल या इंग्लिश क्लबकडून खेळत होता. मध्यंतराला लिव्हरपूल इटलीच्या मिलानविरुद्ध 0-3 असा मागे होता, आणि त्याचे एक मोठे कारण असे, की लिव्हरपूलच्या बचावफळीपुढे मोकळी जागा राहत होती आणि मिलानचा खेळाडू काका तिचा पुरेपूर फायदा घेत होता. मध्यंतरानंतर प्रशिक्षक राफाएल बेनितेझ यांनी डीटमार हामानला अलोन्सोच्या जोडीला आणले, त्यामुळे ती जागा बुजली, कर्णधार स्टीव्हन जेरार्डला पुढे जाण्याची मोकळीक मिळाली आणि सहा मिनिटांत तीन गोल झाले. तिसरा गोल अलोन्सोचा होता : त्याची पेनल्टी गोलरक्षक दिदाने अडवली, पण परत आलेला चेंडू त्याने डाव्या पायाने जाळ्यात वर मारला. सगळ्यांना आठवतो तो हा गोल, परंतु मला त्याहून महत्त्वाची वाटते ती मधल्या फळीची बदललेली मांडणी, कारण तिच्याशिवाय त्या पेनल्टीपर्यंत सामना पोहोचलाच नसता.

2009 मध्ये तो रेआल माद्रिदकडे गेला. आदल्या हंगामात इंग्लिश लीगमध्ये दुसरे आलेले लिव्हरपूल त्यानंतरच्या हंगामात सातव्या क्रमांकावर घसरले. एकाच्या जाण्याने हे सगळे घडले असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल, पण संघाचा पहिला पास कोणी आणि कोठून द्यायचा, हा प्रश्न तिथे त्यानंतर बराच काळ सुटला नाही, असे माझे मत आहे.

आता टॅकलविषयी. टॅकल हा शेवटचा उपाय आहे, अशी भूमिका अलोन्सोने एका मुलाखतीत मांडली होती, आणि लिव्हरपूलच्या युवा संघातील मुले स्वतःच्या गुणांत टॅकलिंग मोजतात याचे त्याला नवल वाटले होते. याचा अर्थ तो अंगचोर होता, असा मात्र मुळीच घेऊ नका. 2010 च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात नेदरलँड्सच्या नायजेल डी याँगची लाथ त्याच्या छातीवर बसली, तरीही तो 87व्या मिनिटापर्यंत मैदानावर होता. गरज पडली की तो टॅकल करत असे, आणि चांगला करत असे. पण योग्य जागी आधीच उभे राहिल्याने ती गरजच कमी वेळा पडावी, हा त्याचा आग्रह होता.

म्हणून प्रशिक्षकांचे म्हणणे सोडून देऊ नका. आपण टॅकल करत नाही ते योग्य जागी असल्यामुळे, की उशिरा पोहोचल्यामुळे, हे मित्राला आपला एखादा सामना मोबाइलवर टिपायला सांगून तपासून पाहा. उशीर होत असेल, तर प्रशिक्षक बरोबर आहेत. सरावात पास येण्यापूर्वी दोन्ही खांद्यांवरून मागे पाहण्याची सवय लावा, आणि आपल्याकडच्या पुष्कळ मैदानांवर चेंडू मुरमाड जमिनीवरून वेडावाकडा उसळतो, हे ध्यानात घेऊन पहिला स्पर्श आधी पक्का करा. अलोन्सोसारखा लांब पास त्यानंतरच जमेल.

प्रश्न : रेआल माद्रिदने 2014 मध्ये चॅम्पियन्स लीग जिंकली, तेव्हा अंतिम सामन्यात अलोन्सो मैदानावर का नव्हता?
– एक वाचक, नाशिक रोड

उत्तर : जर्मनीच्या बायर्न म्युनिकविरुद्धच्या उपांत्य फेरीच्या दुसऱ्या सामन्यात त्याला पिवळे कार्ड मिळाले आणि आधीच्या कार्डांत त्याची भर पडल्यामुळे लिस्बनमधील अंतिम सामन्यासाठी तो निलंबित झाला. अतिरिक्त वेळेत माद्रिदच्या गॅरेथ बेलने गोल केला, तेव्हा सूट घातलेला अलोन्सो प्रेक्षागारातून धावत मैदानाच्या कडेला आला, आणि त्याबद्दल युरोपीय फुटबॉल महासंघाने त्याच्यावर एका सामन्याची बंदी घातली. त्याच वर्षी तो बायर्नकडे गेला, तिथे तीन हंगामांत तीन लीग विजेतेपदे मिळवली आणि 2017 मध्ये निवृत्त झाला. पुढे प्रशिक्षक म्हणून त्याने बायर लेव्हरकुसेनला 2023-24 मध्ये जर्मन लीग मिळवून दिली. त्या हंगामातील लीगच्या 34 सामन्यांपैकी एकही सामना त्या संघाने गमावला नाही.