पंचावन्नच्या आधी राजीनामा नको

प्रश्न: वय 53. इंदूरच्या एका खासगी शाळेत जुलै 1999 पासून गणित शिकवते. घसा सारखा बसतो, घरी सासूबाई अंथरुणाला खिळल्यात. नोकरी सोडावीशी वाटते. मूळ पगार आणि महागाई भत्ता मिळून 42,000. पीएफमध्ये 19 लाख. यजमान पीथमपूरला कारखान्यात, त्यांची अजून तीन वर्षं आहेत. शाळेच्या ऑफिसात म्हणतात, शिक्षकांना ग्रॅच्युइटी नसते. पेन्शनवर भागेल का?
— एक शिक्षिका, सुदामा नगर

उत्तर: ताई, ऑफिसातलं ते बोलणं आधी मनातून काढा. 2009 च्या दुरुस्तीने खासगी शाळांतल्या शिक्षकांना ग्रॅच्युइटी मिळाली, तीही 3 एप्रिल 1997 पासून. 2022 मध्ये सुप्रीम कोर्टानेही ती दुरुस्ती कायम ठेवली. हिशोब सोपा आहे: 42,000 ला 15 ने गुणा, 26 ने भागा आणि नोकरीच्या वर्षांनी गुणा. 26 वर्षांचे 6,30,000 होतात. हे तुमच्या हक्काचे आहेत, लेखी अर्ज करून मागा.

पेन्शनवर मात्र भागणार नाही. जास्त पगारावरचा पर्याय घेतला नसेल, तर पीएफच्या पेन्शनमध्ये तुमचे 42,000 धरतच नाहीत. ऑगस्ट 2014 पर्यंतच्या नोकरीला 6,500 आणि पुढच्या नोकरीला 15,000 धरून, वर्षांनी गुणून 70 ने भागतात. 58 व्या वर्षी घेतली तरी आजच्या नोकरीवर महिना पावणेचार-चार हजारच येतात. आत्ताच सुरू केली तर 58 ला जितकी वर्षं कमी, तितक्यांदा 4 टक्के कापतात, आणि ती कपात जन्मभराची. हाती तीन-सव्वातीन हजार. सासूबाईंच्या औषधांनाही पुरायचे नाहीत.

म्हणून माझं ठाम मत: 55 पूर्ण होईपर्यंत थांबा. पोस्टाच्या ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत एरवी साठीनंतरच पैसे ठेवता येतात, पण निवृत्त झालेल्याला 55 पासून मुभा आहे. निवृत्तीचे पैसे हाती आल्यापासून तीन महिन्यांच्या आत खातं उघडायचं, आणि त्या पैशांपेक्षा जास्त ठेवता येत नाही. 53 ला सोडलंत तर हे दार बंद. सध्याच्या 8.2 टक्क्यांनी 15 लाखांवर दर तिमाहीला 30,750 येतात. उरलेला पीएफ तसाच राहू द्या. 58 पर्यंत त्यावर व्याज मिळतं. नोकरी सोडल्यानंतरच्या व्याजावर कर लागतो, इतकंच.

बँकेत असताना मी पाहिलंय, बायका नोकरी सोडतात आणि वर्षाच्या आत ते पैसे मुलीच्या लग्नात नाहीतर मुलाच्या फ्लॅटच्या बुकिंगला जातात. मग सत्तरीत औषधासाठी मुलाकडे हात पसरावा लागतो. हे तुमच्या बाबतीत होऊ देऊ नका. पैसे तुमच्या नावावर, नॉमिनी यजमान.

आरोग्य विमा दोघांचा आजच काढा, सोडताना नाही. असलेल्या आजारांसाठी कंपनी तीन वर्षांपर्यंत थांबायला लावू शकते, आणि यजमानांचा कारखान्यातला विमाही तीन वर्षांत संपेल. आत्ता काढलात तर ती मुदत तेवढ्यात सरते.

घशाचं मात्र दोन वर्षं ढकलू नका. डॉक्टरांचं पत्र घेऊन मुख्याध्यापकांना भेटा, तास कमी करून मागा, वर्गात छोटा माइक वापरा. पगार थोडा कमी झाला तरी चालेल, फक्त मूळ पगार कमी करणाऱ्या कागदावर सही करू नका, कारण ग्रॅच्युइटी शेवटच्या पगारावरच मोजतात.