बातमीदारी सोडून इतिहास-राजकारणावर डॉक्युमेंटरी करायची आहे. फिल्मचा कोर्स करावाच लागतो का?

नाही लागत. कॅमेरा चालवणारे भाड्याने मिळतात. कागद हुडकून काढणारा आणि तो दाखवायची छाती असलेला माणूस मिळत नाही, आणि बातमीदार तोच असायला हवा.

मी वडोदऱ्यात पेपरात होते, कोर्ट आणि महापालिका बघायचे. पहिली फिल्म केली ती 1911च्या दिल्ली दरबारावर, म्हणजे इंग्लंडचा बादशहा पंचम जॉर्ज याच्यासमोर संस्थानिकांनी मुजरा करायचा तो सोहळा. वडोदऱ्याच्या दांडिया बाजारात कुणालाही विचारा, आपले महाराज सयाजीराव गायकवाड यांनी बादशहाला पाठ दाखवली हे मिशीला पीळ देऊन सांगतील. 12 डिसेंबरला मुजऱ्यासाठी निजामानंतर लगेच महाराजांची पाळी होती. इंग्रजी पेपरांची तक्रार काय, तर अंगावर दागिने नाहीत, हातात छडी, एकदाच वाकले नि पाठ करून निघाले. त्याचं चित्रीकरण लंडनच्या थिएटरांत दाखवलं गेलं, तिथे ओरड झाली. पण पुढे महाराजांनी व्हाइसरॉय हार्डिंगला दिलगिरीचं पत्र धाडलं, ते आपल्या मंडळींना आठवत नाही. मी ते फिल्ममध्ये घेतलं.

ज्या संस्थेचे पैसे होते तिच्या अध्यक्षांनी रफ कट, म्हणजे फिल्मची पहिली कच्ची जुळणी, पाहिला. पत्र पडद्यावर आलं आणि कप बशीत आपटला. "ताई, ज्यांनी आपल्याला शाळा दिल्या, त्यांना माफी मागताना दाखवता?" म्हटलं, काका, 1906 साली सक्तीचं शिक्षण अख्ख्या संस्थानात नेणाऱ्या राजाचं एका पत्राने काय बिघडतंय? 1875 मध्ये इंग्रजांनी आधीच्या महाराजांना, मल्हाररावांना, पदच्युत केलं, म्हणून तर हे दत्तक येऊन गादीवर बसले. गादी कशी जाते हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक असणार? ते ठाऊक असून पाठ फिरवली असेल, तर पत्रामुळे ती गोष्ट मोठीच होते. आणि निव्वळ गोंधळ झाला असेल, तर तेही लोकांना कळू दे की!

दुसरा हप्ता आलाच नाही. फिल्म मी पुरी केली, पत्रासकट.

तेव्हा ज्याच्यावर फिल्म करताय त्याच्या भक्तांचा पैसा घेऊ नका. घ्यावाच लागला तर शेवटचा कट कुणाचा, हे करारात आधी लिहून घ्या. बाकी तुम्हाला येतंच.

हां, नोकरी मात्र इतक्यात सोडू नका. माझ्या घरात नवऱ्याचा पगार चालू होता, हे सांगायला हवं. जुन्या फुटेजचे हक्क महाग पडतात. मोडी वाचणारा माणूस शूटिंगच्या आधी गाठा. आणि आवाजावर काटकसर नको. आपल्याला फोनवर बाइट घ्यायची सवय, पडद्यावर तो आवाज ऐकवत नाही.

अध्यक्ष अजूनही सांगत फिरतात की ते पत्र इंग्रजांनी दबाव आणून लिहवून घेतलं. असेलही. कॅमेऱ्यासमोर बसून सांगा, तेही घालते, असा निरोप पाठवला होता. आले नाहीत.