शोभेच्या गवताचा ठोंब मधूनच वाळतोय, रोग लागलाय का?

रोग वगैरे काही नाही हो, म्हातारपण आहे ते. तुम्ही लिहिलंय की फाउंटन ग्रास लावून चार वर्षं झाली, मधे टक्कल पडलंय, कडेची पाती आडवी लोळतायत आणि तुम्ही दर महिन्याला खत घालताय. खत आधी बंद करा!! मी पण हेच केलं होतं, वाढ होईना म्हणून चांगला मूठभर युरिया टाकला, पंधरा दिवसांत कमरेएवढं हिरवंगार झालं आणि पहिल्याच जोराच्या पावसात सगळं झोपलं ते उठलंच नाही. नत्र जास्त झालं की पाती नुसती लुसलुशीत वाढतात, त्यात ताकद नसते. वर्षातून एकदा थोडं कंपोस्ट पुरे. सावलीत असेल तरी असंच लोळतं, ५-६ तास ऊन हवंच.

आता टकलाचं. हे गवत बाहेरच्या बाजूने नवे फुटवे काढत जातं आणि मधला जुना भाग मरतो, म्हणून ३-४ वर्षांनी ठोंब फोडावा लागतो. नवीन कोंब दिसायला लागले की लगेच करा, तुरे आलेले असताना नको. आधी सगळी पाती सुतळीने पेंढीसारखी घट्ट बांधायची आणि मग जमिनीपासून १०-१५ सेंटीमीटरवर कापायची, म्हणजे कचरा बागभर होत नाही, अख्खी पेंढी हातात येते. मग कुदळीने चारी बाजूंनी उकरून ठोंब बाहेर काढा. खुरप्याने फुटेल असं वाटतं पण नाही फुटत, मुळांचा नुसता गठ्ठा असतो, मी शेवटी लाकूड कापायची जुनी करवत घेतली तेव्हा कुठे जमलं. मधला वाळका भाग फेकून द्या, कडेचे ८-१० कोंबांचे तुकडे करून आधी होते तेवढ्याच खोलीवर लावा, जास्त खोल गेले तर कुजतात. मुळं धरेपर्यंत पाणी नियमित, नंतर रोज अजिबात नको.

एक मात्र लक्षात ठेवा, ही कापणी सगळ्या गवतांना चालत नाही. पेनिसेटम (म्हणजे तुमचं फाउंटन ग्रास), मिस्कँथस ही शोभेची गवतं उन्हाळी वाढीची, त्यांना बिनधास्त कापा. ब्लू फेस्क्यू (निळसर बुटकं गवत, थंडीत वाढणारं) मात्र बुडाशी कापू नका, हातमोजा घालून बोटांनी विंचरल्यासारखी वाळकी पाती ओढून काढायची. (पंपास गवत असेल तर जाड हातमोजे आणि फुल बाह्या, त्याच्या पात्याला करवतीसारखी धार असते, कोपरापर्यंत ओरखडे येतात.)

आणि तुमचं फाउंटन ग्रास हिरवं आहे की जांभळं ते सांगा. जांभळ्याला बी जवळजवळ धरतच नाही, पण हिरव्याचं बी उडून कुठेही उगवतं, बऱ्याच देशांत ते उपद्रवी तण झालंय, तेव्हा हिरवं असेल तर पिकायच्या आत तेवढे तुरेच कापत जा.