जुना हायवे, नवा बायपास आणि पाटीवरचा आकडा

प्रश्न : आमचे गाव अकोला ते अमरावती दरम्यान राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ५३ लगत आहे. बायपास सुरू झाल्यापासून गावातल्या जुन्या रस्त्यावरून लांब पल्ल्याची वाहने येत नाहीत. माझे टायर-पंक्चरचे दुकान, शेजारची दोन हॉटेले आणि एक रसवंती यांची गिऱ्हाईकी पार बसली आहे. माझा पुतण्या अमेरिकेत ट्रक चालवतो. त्याच्या सांगण्याप्रमाणे तिकडे बायपास झाला तरी गावातल्या रस्त्याचा नंबर जात नाही, नंबराच्या डोक्यावर ‘बिझनेस’ असे लिहितात. आपल्याकडे ‘५३ बिझनेस’ अशी पाटी मिळू शकते काय?
— एक दुकानदार, जिल्हा अकोला

उत्तर : आपल्या पुतण्याने दिलेली माहिती बरोबर आहे. अमेरिकेतील क्रमांकित महामार्गांची योजना नोव्हेंबर १९२६ मध्ये मंजूर झाली, तेव्हा हे महामार्ग गावोगावच्या मुख्य बाजारपेठेतूनच जात असत. पुढे मोटारी वाढल्या, बाजारात कोंडी होऊ लागली आणि गावांना वळसा घालणारे रस्ते बांधले गेले. अशा ठिकाणी बहुधा मूळ क्रमांक बायपासवर नेण्यात आला आणि जुन्या रस्त्याला तोच क्रमांक ठेवून ढालीच्या आकाराच्या पाटीवर ‘बिझनेस’ असा शब्द असलेली एक लहान आयताकृती पट्टी बसवण्यात आली. असा रस्ता गावाच्या एका टोकाला महामार्गापासून सुटतो, पेठेतून जातो आणि दुसऱ्या टोकाला त्याच महामार्गाला पुन्हा मिळतो, त्यामुळे गावात शिरलेला परका चालक वाट न चुकता बाहेर पडतो. त्यांच्या इंटरस्टेट या द्रुतगती महामार्गांसाठी हीच सोय हिरव्या ढालीने दाखवली जाते. दोन्ही टोके महामार्गाला मिळत असतील तर त्याला लूप म्हणतात आणि एकच टोक मिळून रस्ता गावात संपत असेल तर स्पर म्हणतात.

मात्र या पट्टीने काय मिळते आणि काय मिळत नाही, हे नीट पाहिले पाहिजे. ती वाट दाखवते, रस्त्याच्या देखभालीचा पैसा घेऊन येत नाही. तिकडेही बायपास झाल्यावर अनेक गावांच्या पेठा ओस पडल्या आणि ही पाटी त्यांना वाचवू शकली नाही.

आपल्याकडे तर अशा पाटीला कायद्यात जागाच नाही. राष्ट्रीय महामार्ग अधिनियम, १९५६ च्या कलम २ नुसार केंद्र सरकार अधिसूचना काढून एखादा रस्ता राष्ट्रीय महामार्ग म्हणून घोषित करते किंवा यादीतून वगळते, आणि कलम ५ नुसार अशा महामार्गाच्या विकासाची व देखभालीची जबाबदारी केंद्राकडे असते. रस्ता एक तर राष्ट्रीय महामार्ग असतो किंवा नसतो. ‘अर्धा राष्ट्रीय’ असा दर्जा नाही. बायपास वाहतुकीस खुला झाला की गावातला तुकडा एकदाच दुरुस्त करून, म्हणजे खड्डे बुजवून व डांबराचा नवा थर टाकून, राज्याच्या सार्वजनिक बांधकाम विभागाच्या हवाली करण्याची पद्धत आहे. त्यानंतर तो राज्यमार्ग, जिल्हा मार्ग किंवा नगरपालिकेचा रस्ता होतो. आपल्या गावातल्या किलोमीटरच्या दगडाचा माथा अजून पिवळाच असेल, कारण पिवळा रंग राष्ट्रीय महामार्गाचा. राज्यमार्गाचा हिरवा आणि ग्रामीण रस्त्याचा केशरी. कित्येक ठिकाणी पिवळ्या रंगाचा पापुद्रा निघाला की खाली ५३ चा जुना क्रमांक ६ दिसतो. दगड कोणी रंगवत नाही म्हणून दर्जा टिकतो असे नव्हे. दर्जा अधिसूचनेत पाहावा.

म्हणून हस्तांतरणापूर्वीची ती एकदाची दुरुस्ती आपल्या रस्त्याची झाली की नाही, याची चौकशी आपण सर्वप्रथम करावी. ती न होताच रस्ता हवाली झाला तर पुढची कित्येक वर्षे केंद्र राज्याकडे आणि राज्य केंद्राकडे बोट दाखवीत राहते. त्यानंतर मागणी करावी ती फाट्यावरच्या पाटीची. बायपास जिथे सुटतो तिथे गावाचे नाव, अंतर आणि बाण असलेली मोठी दिशादर्शक पाटी वळणाच्या पुरेशी आधी असली पाहिजे. इंडियन रोड्स काँग्रेसच्या आयआरसी ६७ या संहितेत अशा पाट्यांचे तसेच पेट्रोल पंप, उपाहारगृह, रुग्णालय आणि वाहन दुरुस्ती दाखवणाऱ्या सुविधा-पाट्यांचे नमुने ठरलेले आहेत. प्रत्यक्षात पुष्कळ ठिकाणी पाटी ऐन फाट्यावर असते आणि बाभळीच्या फांद्यांआड अर्धी झाकलेली असते. ताशी ८० च्या वेगाने येणाऱ्या चालकाला ती वाचता येईपर्यंत फाटा मागे पडलेला असतो. ग्रामसभेचा ठराव, फाट्याचे छायाचित्र आणि किलोमीटर क्रमांक जोडून महामार्ग प्राधिकरणाच्या प्रकल्प संचालकांकडे अर्ज द्यावा व त्याची एक प्रत जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालील जिल्हा रस्ता सुरक्षा समितीकडे द्यावी. ‘५३ बिझनेस’ मागाल तर अर्ज दप्तरी दाखल होऊन पडेल, आणि संहितेतली पाटी मागाल तर निदान उत्तर द्यावे लागेल.

आणखी एक सूचना न विचारताच करतो. दुकान उचलून बायपासच्या कडेला टिनाचे शेड टाकण्याचा मोह अनेकांना होतो. महामार्गाच्या जमिनीवर परवानगीवाचून केलेले बांधकाम २००२ च्या महामार्ग भूमी व वाहतूक नियंत्रण अधिनियमानुसार हटवले जाऊ शकते, आणि जागा स्वतःच्या मालकीची असली तरी तिथून महामार्गावर रस्ता काढण्यास वेगळी परवानगी लागते. जुन्या रस्त्याचा दर्जा उतरला याचे सर्वांनाच दुःख होते असेही नाही. डिसेंबर २०१६ च्या निकालाने सर्वोच्च न्यायालयाने राष्ट्रीय व राज्य महामार्गांपासून ५०० मीटरच्या आत दारूविक्रीस मनाई केली आणि वीस हजारांपर्यंतच्या वस्तीसाठी ते अंतर पुढे २२० मीटर केले, तेव्हा आपल्या दारचा रस्ता महामार्ग नाही हे सिद्ध करण्यासाठी काय धावपळ उडाली होती, ते वाचकांना आठवत असेल.

प्रश्न : स्पर्धा परीक्षेची तयारी करताना महामार्गांच्या क्रमांकांचा गोंधळ होतो. आमच्या भागात ३५३ सी, ३५३ डी आणि ९३० असे महामार्ग आहेत. यांचा एकमेकांशी संबंध काय? आणि वडीलधारी मंडळी नागपूरच्या रस्त्यांना अजून ‘सहा नंबर’ आणि ‘सात नंबर’ का म्हणतात?
— एक विद्यार्थिनी, आरमोरी

उत्तर : २०१० मध्ये सर्व राष्ट्रीय महामार्गांना नवे क्रमांक देण्यात आले. हाजिरा-धुळे-नागपूर-रायपूर हा जुना ६ आता ५३ आहे. नागपूरहून हिंगणघाट, पांढरकवडा मार्गे दक्षिणेकडे जाणारा जुना ७ आता श्रीनगर-कन्याकुमारी या ४४ चा भाग आहे. नव्या योजनेत उत्तर-दक्षिण महामार्गांना सम क्रमांक असून ते पूर्वेकडून पश्चिमेकडे वाढतात, तर पूर्व-पश्चिम महामार्गांना विषम क्रमांक असून ते उत्तरेकडून दक्षिणेकडे वाढतात. अमेरिकेत सम-विषमाचा नियम याच्या नेमका उलट आहे. तिथे उत्तर-दक्षिण महामार्गांचे क्रमांक विषम असतात.

तीन आकडी क्रमांक असला की शेवटचे दोन आकडे मूळ महामार्गाचे आणि पहिला आकडा शाखेचा समजावा. अक्षर लागले की त्याच शाखेच्या कुळातला आणखी एक फाटा. नागपूरहून उमरेड, भिवापूर, नागभीड, ब्रह्मपुरी करीत आपल्या आरमोरीला येणारा ३५३ डी आणि वडसा, आरमोरी, गडचिरोली, आष्टी, आलापल्ली करीत सिरोंच्याकडे जाणारा ३५३ सी हे दोन्ही अशा रीतीने ५३ च्या गोत्रातले आहेत. ९३० चे गोत्र मात्र वेगळे. तो छत्तीसगडातील पुरूर येथे ३० क्रमांकाच्या महामार्गापासून निघतो आणि धानोरा, गडचिरोली, मूल, चंद्रपूर, वणी असा करंजीला ४४ ला येऊन मिळतो. म्हणजे गडचिरोलीच्या चौकात ५३ ची शाखा आणि ३० ची शाखा एकमेकींना छेदतात.

परीक्षेत फसवणारी बाब अशी की अमेरिकेच्या इंटरस्टेट पद्धतीत तीन आकडी क्रमांकाचा पहिला आकडा सम असेल तर तो सहसा वळसा घालून पुन्हा महामार्गालाच मिळणारा रस्ता असतो आणि विषम असेल तर एकाच टोकाला जोडलेला फाटा असतो. भारतात पहिल्या आकड्यावरून असा अर्थ काढता येत नाही. त्या नियमाने ९३० हा गावात संपणारा फाटा ठरला असता, प्रत्यक्षात तो दोन मोठ्या महामार्गांना जोडतो.

प्रश्न : आमच्या गावातून रात्रंदिवस कोळशाचे ट्रक जातात. शाळेसमोरचा रस्ता उखडला आहे, कपाशीच्या पानांवर काळी धूळ बसते. ट्रकसाठी वेगळा मार्ग ठरवून मिळतो का?
— एक सरपंच, वणी तालुका

उत्तर : मिळतो, पण पाटी लावून नव्हे, बंदी घालून. अमेरिकेत ‘ट्रक’ अशी पट्टी असलेले मार्ग अरुंद पेठ, तीव्र चढ किंवा कमकुवत पूल टाळण्यासाठी आखलेले असतात. न्यू जर्सीतील पुलास्की स्कायवे हा उंच पूल १९३२ मध्ये खुला झाला आणि अपघातांमुळे १९३४ मध्ये त्यावर ट्रकना मनाई झाली. तेव्हापासून महामार्ग १ व ९ वरचे ट्रक खालच्या रस्त्याने, ‘१-९ ट्रक’ या मार्गाने जातात. तिथे बंदी आहे म्हणून त्या पाटीला अर्थ आहे. नुसती सूचना असेल तर भाड्याच्या फेऱ्या मोजणारा चालक जवळची वाट सोडत नाही, आणि त्याला दोष तरी किती द्यावा.

आपल्याकडे मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम ११५ खाली राज्य शासन किंवा त्याने प्राधिकृत केलेला अधिकारी सार्वजनिक सुरक्षेसाठी अथवा रस्त्याचे किंवा पुलाचे स्वरूप पाहून विशिष्ट वाहनांना मनाई करू शकतो. मनाई एक महिन्यापर्यंतचीच असेल तर राजपत्रातील अधिसूचनेची गरज नसते, स्थानिक प्रसिद्धी पुरते. त्यामुळे आधी शाळेच्या वेळेपुरती एक महिन्याची बंदी मागून तिचा परिणाम दाखवावा आणि मग कायम बंदीचा प्रस्ताव द्यावा, हा मार्ग व्यवहार्य आहे.

परंतु अर्ज करण्यापूर्वी ट्रक वळून कुठे जाणार, हे ठरवावे लागेल. रस्त्याची झीज आसावरच्या (ॲक्सलवरच्या) भाराच्या साधारण चौथ्या घाताने वाढते, असा अभियंत्यांचा ठोकताळा आहे. २०१८ मध्ये चार टायरच्या एकेरी आसाची कायदेशीर मर्यादा १०.२ टनांवरून ११.५ टन झाली. भारात वाढ सुमारे तेरा टक्के, पण या ठोकताळ्याने झीज दीडपटीहून अधिक. कापसाच्या गाड्या आणि एसटी धरून बांधलेला ग्रामीण रस्ता असे ट्रक एका पावसाळ्यापलीकडे सहसा सोसत नाही, आणि नाल्यावरचा रपटा त्याआधीच खचतो. आपले ट्रक शेजारच्या गावाच्या शाळेसमोर नेऊन ठेवणारा ठराव ते गाव कसे मान्य करील? दोन्ही ग्रामपंचायतींनी एकत्र बसून खाणीपासून महामार्गापर्यंतचा, वस्ती टाळणारा आणि जड वाहतुकीसाठी मजबूत केलेला रस्ता मागावा आणि तो होईपर्यंत वेळेचे बंधन व झाकलेला माल यांचा आग्रह धरावा.

प्रश्न : समृद्धी महामार्ग झाल्यावर कारंजा-मेहकरकडून जाणारा जुना रस्ता आता पर्यायी मार्ग समजायचा का?
— एक शेतकरी, कारंजा लाड

उत्तर : कागदोपत्री नाही. नागपूर-मुंबई हा ७०१ किलोमीटरचा समृद्धी महामार्ग राज्याचा स्वतंत्र द्रुतगती मार्ग आहे. त्याने जुन्या रस्त्याचा क्रमांक घेतलेला नाही आणि जुना रस्ता त्याची शाखाही झालेला नाही. अमेरिकेतील पेनसिल्व्हेनियातही १९४० मध्ये पथकराचा टर्नपाइक सुरू झाला, तरी जुना महामार्ग ३० आपल्याच क्रमांकाने चालू राहिला. व्यवहारात पाहिले तर समृद्धीवर दुचाकी, ऑटोरिक्षा आणि ट्रॅक्टर यांना प्रवेश नाही आणि ठरलेल्या इंटरचेंजखेरीज कुठेही चढता-उतरता येत नाही. सोयाबीनची ट्रॉली बाजार समितीत न्यायची तर जुना रस्ता हाच एकमेव मार्ग आहे. तेव्हा तो पर्यायी आहे असे कोणी म्हणाले आणि त्या सबबीखाली त्याची डागडुजी मागे पडली, तर बांधकाम विभागाच्या उपविभागीय अभियंत्यांकडे लेखी तक्रार देऊन पोच घ्यावी.