सॉफ्टवेअर असताना बोड प्लॉट हाताने का काढायचा?

तुम्ही बडोद्यातच इन्स्ट्रुमेंटेशन शिकताय आणि विचारताय की सॉफ्टवेअर क्षणात बोड प्लॉट (फ्रिक्वेन्सीनुसार गेन आणि फेज दाखवणारे दोन आलेख) देतं, तर सेमी-लॉग कागदावर हाताने काढत कशाला बसायचं? मी बडोद्याजवळ नंदेसरीकडे केमिकल प्लांटमधले कंट्रोल लूप (मोजमाप बघून आपोआप दुरुस्ती करणाऱ्या यंत्रणा) सांभाळतो. माझं ठाम मत आहे की सुरुवातीचे प्लॉट हातानेच काढावेत. लूप झुलायला लागला की दोष गेनचा (सिग्नल किती पट होतो) की फेजचा (तो किती मागे पडतो), हे ओळखायची नजर त्यातूनच येते.

एक उदाहरण घ्या. स्टीमवरचा हीट एक्स्चेंजर, टाइम कॉन्स्टंट (प्रतिसाद किती संथ त्याचं माप) ५० सेकंद, डेड टाइम (बदल दिसू लागेपर्यंतचा वेळ) १० सेकंद, नुसता प्रपोर्शनल (फरकाच्या प्रमाणात दुरुस्ती करणारा) कंट्रोलर, एकूण लूप गेन ४. गेनची रेषा ०.०२ रेडियन प्रति सेकंदापर्यंत १२ डेसिबलवर सपाट, पुढे दर डिकेडला (फ्रिक्वेन्सी दहापट होताना) २० डेसिबल उतरते. कोपऱ्यावर, म्हणजे ०.०२ पाशी, ३ डेसिबल खाली दुरुस्ती करा. ०.०७८ च्या आसपास ती शून्य डेसिबल ओलांडते. तिथे टाइम कॉन्स्टंटमुळे ७५.५ अंश फेज मागे पडतो, डेड टाइममुळे ४४.५. एकूण १२०. म्हणजे फेज मार्जिन (लूप स्वतःच झुलू लागतो त्या १८० अंशांपर्यंत उरलेली जागा) ६०, लूप शांत.

आता समजा, बसवायला सोपं म्हणून थर्मोकपल (तापमान मोजणारा सेन्सर) पाइपवर आणखी पुढे लावला आणि डेड टाइम २० सेकंद झाला. गेनची रेषा जराही हलत नाही, शून्य ओलांडण्याची जागाही तीच. पण डेड टाइमचा फेज दुप्पट, ८९ अंश! मार्जिन उरतं जेमतेम १६. सेटपॉइंट (हवं असलेलं तापमान) जरा हलवला की तापमान कितीतरी वेळ वरखाली होत राहणार. ट्रेंडवर (तापमानाच्या वेळेनुसार नोंदीवर) फक्त हेलकावे दिसतात. ते कुठून आले हे प्लॉट सांगतो.

अशा वेळी बहुतेक जण गेन कमी करतात. २.५ वर आणला की मार्जिन पुन्हा ६० होतं खरं, पण सेटपॉइंट बदलल्यावर राहणारा ऑफसेट (हवं ते आणि मिळालेलं यातला कायमचा फरक) २० टक्क्यांवरून साधारण २९ वर जातो. इंटिग्रल (साठत जाणाऱ्या फरकानुसार दुरुस्ती) जोडलं तर ऑफसेट जातो, पण तेही फेज मागे ओढतंच. म्हणून मी आधी थर्मोकपल जवळ आणता येतो का, ते बघतो.

ही पद्धत मुळात टेलिफोनच्या अँप्लिफायरवाल्यांची. एटी अँड टी या अमेरिकन टेलिफोन कंपनीतल्या हॅरी नायक्विस्टने १९३२ मध्ये फीडबॅक स्थिर राहील का याचा आपला निकष मांडला, पुढे तिच्याच बेल लॅब्ज या संशोधन संस्थेत हेंड्रिक बोडने त्याच कामातून हे आलेख घडवले. तिची खरी ताकद ही, की समीकरण हाती नसलं तरी साइन वेव्ह घालून मोजलेल्या आकड्यांवरून फीडबॅक स्थिर राहील का ते ठरवता येतं. मात्र ओपन लूपच (फीडबॅक न जोडलेली यंत्रणा) अस्थिर असेल तर नुसत्या मार्जिनवर विसंबू नका, तिथे नायक्विस्टचा आलेखच काढा.

वरचं उदाहरण दोन सायकलच्या (दोन डिकेडच्या) कागदावर, ०.०१ ते १ पर्यंत काढा आणि मग सॉफ्टवेअरशी ताडून बघा. गेन मार्जिन (फेज १८० अंश मागे पडतो तिथे गेन शून्य डेसिबलच्या किती खाली) आधी साधारण ६.५ डेसिबल आणि थर्मोकपल पुढे नेल्यावर १.२ यायला हवं.