आपले प्रश्न : रास झाली, आता सोयाबीन विकावे की तारण ठेवावे?

प्रश्न : आमची लातूर जिल्ह्यात चार एकर कोरडवाहू शेती आहे. दरवर्षी सोयाबीनची रास झाली की मजुरी, कृषी सेवा केंद्राची उधारी आणि हरभऱ्याची पेरणी हे तिन्ही खर्च एकदम अंगावर येतात, त्यामुळे दिवाळीच्या आतच सगळा माल आडतीवर घालावा लागतो. बाजार समितीत माल तारण ठेवून कर्ज मिळते असे शेजारी सांगतात. त्यात खरोखर फायदा आहे का?
— एक शेतकरी वाचक, औसा तालुका

उत्तर : आपली अडचण मराठवाडा आणि विदर्भातील बहुतेक सोयाबीन उत्पादकांची आहे. ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये आपल्याला पैशांची गरज असते आणि म्हणून आपण माल विकतो. वास्तविक या दोन गोष्टी एकाच दिवशी घडल्या पाहिजेत असे काही नाही. त्या वेगळ्या करता याव्यात, यासाठीच महाराष्ट्र राज्य कृषी पणन मंडळाने १९९०-९१ पासून शेतमाल तारण कर्ज योजना सुरू केली. पस्तीस वर्षांहून जुनी ही योजना आजही अनेक गावांत माहीत नसावी, याची मला खंत वाटते.

तिची पद्धत सरळ आहे. आपला माल बाजार समितीच्या गोदामात ठेवायचा; त्या दिवशीचा बाजारभाव आणि शासनाचा हमीभाव यांपैकी जो कमी असेल त्या दराने मालाची किंमत धरली जाते आणि सोयाबीनसाठी त्या किमतीच्या ७५ टक्क्यांपर्यंत कर्ज मिळते. व्याज द.सा.द.शे. ६ टक्के आणि मुदत १८० दिवसांची असते. माल स्वतःच्या शेतातला असला पाहिजे, म्हणून पीकपेऱ्याची नोंद असलेला सातबारा लागतो. व्यापाऱ्याचा माल या योजनेत घेतला जात नाही. गोदामातील साठवणूक, देखरेख आणि विमा यांची जबाबदारी समितीची असते. मुदतीनंतर मात्र व्याजाचा दर वाढतो, ही गोष्ट सही करण्यापूर्वी लक्षात घ्यावी.

आता हिशेब करू. समजा, आपण २० क्विंटल सोयाबीन ठेवले आणि त्या दिवशी भाव ४,२०० रुपये होता. मालाची किंमत ८४,००० रुपये झाली आणि ७५ टक्क्यांप्रमाणे ६३,००० रुपये हाती आले. सहा महिन्यांचे व्याज साधारण १,८६० रुपये होते, म्हणजे क्विंटलमागे ९३ रुपये. दुसरा खर्च कोणी बोलून दाखवत नाही, तो वजनातील घटीचा. १२ टक्के आर्द्रतेचा माल उन्हाळ्यापर्यंत सुकून १० टक्क्यांवर आला, तर क्विंटलमागे सव्वादोन किलोच्या आसपास वजन कमी भरते आणि त्याचेही सुमारे ९३ रुपये होतात. वाहतूक, हमाली आणि बारदाना त्यात मिळवले, तर भाव ४,४५० च्या पुढे गेल्याशिवाय आपल्याला थांबल्याचा मोबदला मिळणार नाही. एवढी वाढ अनेक वर्षी मिळते, परंतु दरवर्षी मिळेलच असे नाही.

म्हणून माझे मत असे आहे की सगळा माल तारण ठेवू नये. मजुरीपुरता आणि उधारीपुरता भाग आधी विकावा. तेवढ्याने आडत्याकडून घेतलेली उचलही फिटते. उचल डोक्यावर असेपर्यंत माल कोणाकडे घालायचा, हे ठरवण्याचे स्वातंत्र्य आपल्याला राहत नाही, आणि भावातल्या घसरणीपेक्षा हे बंधन मला अधिक नुकसानीचे वाटते. उरलेला माल तारण ठेवावा आणि मुदत संपण्याची वाट न पाहता, खर्च भरून चार पैसे सुटतील असा भाव आला की तो विकावा. पुढच्या वर्षीचे बियाणे मात्र यातून वगळा. सोयाबीनचे साल नाजूक असते, थप्पीच्या दाबाने आणि आदळआपटीने उगवणशक्ती झपाट्याने उतरते, आणि बियाण्यासाठी किमान ७० टक्के उगवण हवी असते. ते घरीच कोरड्या जागी, जमिनीला न टेकवता ठेवावे.

प्रश्न : २०२१ मध्ये सोयाबीन दहा हजारांवर गेले होते. तेव्हापासून आम्ही दोन वर्षे माल घरात ठेवला आणि शेवटी तोट्यात विकला. भाव पुन्हा तसा का आला नाही?
— एक वाचक, वाशीम जिल्हा

उत्तर : तो भाव नव्या पिकाचा नव्हता. २०२१ च्या जुलै-ऑगस्टमध्ये, म्हणजे शेतकऱ्यांच्या घरात माल जवळजवळ शिल्लक नसताना, काही बाजारांत दर दहा हजारांच्या पुढे गेला. कोंबडीखाद्याच्या उद्योगाच्या मागणीवरून केंद्राने ऑगस्टमध्ये १२ लाख टन सोयापेंड आयात करण्यास परवानगी दिली, पाठोपाठ नवा हंगाम सुरू झाला आणि भाव कोसळला. डिसेंबरमध्ये सोयाबीनचे वायदेही (पुढच्या तारखेसाठी आजच भाव ठरवून होणारे सौदे) बंद करण्यात आले. तरीही ज्यांनी त्या नव्या हंगामाचा माल धरून ठेवला, त्यांना २०२२ च्या मार्च-एप्रिलमध्ये सात हजारांपर्यंतचा भाव मिळाला. आपले नुकसान त्यानंतर थांबल्यामुळे झाले.

सोयाबीनला आपण तेलबिया म्हणतो, पण शंभर किलो दाण्यातून तेल निघते साधारण १८ किलो आणि बाकी बहुतांश पेंड असते. त्यामुळे भाव ठरतो तो मुख्यतः पेंडीला काय दर मिळतो यावरून. ब्राझील, अमेरिका आणि अर्जेंटिना या देशांत पीक चांगले आले की आपली पेंड परदेशात महाग ठरते. अलीकडे देशातही मक्यापासून इथेनॉल काढल्यावर उरणारा, डीडीजीएस नावाचा भरडा पशुखाद्यात स्वस्त मिळू लागला असून त्याने सोयापेंडीची जागा काही प्रमाणात घेतली आहे. २०२४ च्या सप्टेंबरमध्ये खाद्यतेलावरील आयात शुल्क वाढवले, तरीही सोयाबीनचा भाव हमीभावाखालीच राहिला, त्याचे मोठे कारण हेच आहे. २०२४-२५ चा हमीभाव ४,८९२ रुपये होता आणि २०२५-२६ साठी तो ५,३२८ रुपये जाहीर झाला. ज्या वर्षी बाजार आणि हमीभाव यांत इतके अंतर असते, त्या वर्षी साठवणुकीपेक्षा हमीभावाच्या सरकारी खरेदी केंद्रावर वेळेत नोंदणी करणे आणि माल १२ टक्के आर्द्रतेपर्यंत वाळवणे यांतून अधिक पैसे हाती येतात. पावसात भिजलेला माल घेऊन केंद्रावरून परत यावे लागते तेव्हा शेतकऱ्याच्या मनाची जी अवस्था होते, ती मी जवळून पाहिली आहे. रास करण्याआधी दोन दिवस ऊन देता आले, तर ते अवश्य द्यावे.

प्रश्न : आमच्या गावातील बारा जणांनी शेतकरी उत्पादक कंपनी काढून स्वतःचे गोदाम बांधावे का?
— एक वाचक, हिंगोली जिल्हा

उत्तर : कंपनी कायद्यात २००२ साली झालेल्या दुरुस्तीनुसार दहा उत्पादक एकत्र आले तरी अशी कंपनी नोंदवता येते, त्यामुळे संख्येची अडचण नाही. पण बारा जणांच्या मालाने गोदाम भरणार नाही आणि रिकाम्या गोदामाचे हप्ते मात्र चालू राहतील. पहिली दोन वर्षे गोदाम बांधू नका. चाळणी, आर्द्रतामापक आणि वजनकाटा एवढेच घ्या, सर्वांचा माल एकत्र स्वच्छ करा आणि वाहन भरून थेट तेल कारखान्याला द्या. तिथे माती, काडीकचरा आणि डागी दाण्यांपोटी होणारी कट्टी, म्हणजे कपात, किती कमी झाली, याची प्रत्येकाच्या नावावर नोंद ठेवा. सभासद शंभरावर गेले आणि त्यांचा माल आपल्याकडेच येतो असे दोन हंगामांच्या वहीत दिसले, की मग गोदामाचा प्रस्ताव घेऊन तालुका कृषी कार्यालयात ‘स्मार्ट’ या शेतकरी कंपन्यांना साहाय्य देणाऱ्या राज्य शासनाच्या प्रकल्पाची चौकशी करावी.